फोटोच्या पाठीवरचं

त्यांना सगळे ओळीवाले म्हणत. आई-वडिलांनी ठेवलेलं चांगलं नाव होतं, पण ते विजेच्या बिलावर आणि डॉक्टरच्या चिठ्ठीवरच उरलं होतं. फोटो स्टुडिओच्या मागच्या खोलीत त्यांनी अडतीस वर्षं अल्बम बांधले, फोटो चिकटवले आणि प्रत्येक फोटोखाली काळ्या शाईने एकेक ओळ लिहिली. ओळ स्वतःची नसे. एखादी कॅलेंडरच्या पानामागे छापलेली असे, एखादी शाळेच्या संमेलनात पाहुण्यांच्या भाषणातून उचललेली, एखादी कोणाच्या तरी पत्रातून वेचलेली. ओळीवाल्यांचं काम फक्त निवडण्याचं. पण निवड अशी, की बाळाच्या फोटोखालची ओळ वाचून आजी डोळे पुसायची आणि निवृत्त झालेल्या साहेबांना स्वतःबद्दल नव्याने आदर वाटायचा.

सुरुवात सहजच झाली होती. बाविसाव्या वर्षी ते बाइंडर म्हणून कामाला लागले. अक्षर मोत्यासारखं, म्हणून मालक पार्सलवरचे पत्ते त्यांच्याकडून लिहून घेत. एकदा एका बाईंनी बाळाचा अल्बम नेताना विचारलं, की पहिल्या पानावर काहीतरी छानसं लिहून देता येईल का. मालकांनी मागे वळून पाहिलं. यांना काय सुचणार, कप्पाळ? समोर भिंतीवर कॅलेंडर होतं, त्यावरची ओळ त्यांनी जशीच्या तशी उतरवून दिली. ती अशी होती: 'पाऊल चिमुकलं, पण त्याने अंगण मोठं केलं.' बाई वाचता वाचता रडायला लागल्या, आणि इकडे मालकांच्या धंद्याला नवी फांदी फुटली.

पुढे ओळीवाल्यांनी या कामाचं शास्त्रच करून टाकलं. वाचनालयातून मोडीत निघालेलं कार्डांचं एक लाकडी कपाट त्यांनी मिळवलं. बारा खण. जन्म, पहिलं पाऊल, शाळा, मैत्री, लग्न, घर, प्रवास, निवृत्ती, असं करत करत सगळ्यात खालचा खण 'गेलेले'. कार्डाच्या पुढच्या बाजूला ओळ आणि मागच्या बाजूला ती कुठल्या घरी गेली त्याची टीप. कारण एकदा मोठाच घोटाळा झाला होता. समोरासमोर राहणाऱ्या दोन घरांतल्या आया एकाच महिन्यात गेल्या आणि दोघींच्या अल्बममध्ये एकच ओळ आली: 'अशी आई पुन्हा होणे नाही.' दोन्ही घरचे मुलगे अल्बम घेऊन दुकानात आले. पुन्हा होणे नाही म्हणता, मग समोरच्या दारात लगेच कशी झाली, असा त्यांचा सवाल. बिनतोडच होता. तेव्हापासून एका गल्लीत एक ओळ दुसऱ्यांदा द्यायची नाही, हा ओळीवाल्यांचा नियम. तो त्यांनी शेवटपर्यंत पाळला.

दुसराही एक नियम होता. घरगुती बोलणं अल्बममध्ये घ्यायचं नाही. लोक चिठ्ठ्या घेऊन येत. आमचे बाबा असं म्हणायचे, आमची ताई तसं म्हणायची, ते घाला. ओळीवाले चिठ्ठी वाचत, चष्मा कपाळावर सरकवत आणि सौम्यपणे सांगत, की साहेब, अल्बममध्ये माणूस इस्त्री करून बसवायचा असतो. एक बाई नवऱ्याच्या निवृत्तीचा अल्बम करायला आल्या होत्या. नवरा तीस वर्षं रोज दारात थांबून 'किल्ली घेतलीस ना?' असं विचारायचा. किल्ली बाईंच्या हातात दिसत असली तरी विचारायचा. तेच वाक्य बाईंना पहिल्या पानावर हवं होतं. ओळीवाल्यांनी त्यांना अर्धा तास समजावलं आणि निवृत्तीच्या खणातून एक भारदस्त ओळ काढून दिली, कर्तव्याच्या दीपस्तंभाची. बाई हो म्हणाल्या. समजूतदार माणसाला हो म्हणायला लावणं फारसं अवघड नसतं. जाताना मात्र त्यांनी आपली चिठ्ठी परत मागून घेतली आणि घडी घालून पर्समध्ये ठेवली.

आता ओळीवाल्यांच्या बायकोबद्दल सांगायला हवं. ती शाळेत कारकून होती. दाखले, हजेरी, कोण कधी आला, कोण कधी गेला, सगळं तिच्या हातचं. नोंद करणं तिच्या अंगात मुरलेलं. घरात कुठलाही नवा फोटो आला, की ती पेन्सिल घेऊन बसायची आणि फोटो पालथा घालून त्याच्या पाठीवर बारीक अक्षरात लिहायची. लेकीचा एक फोटो होता, फ्रॉकमधला, तोंड बंद करून हसणारा. त्याच्या पाठीवर तिने लिहिलं, 'आजच दात पडला. रडली नाही. दुपारभर दात शोधत बसली.' आणि नवऱ्याला म्हणाली, "अहो, हेच खाली लिहा ना."

"अगं, ही नोंद झाली," ओळीवाले म्हणाले. "ओळ वेगळी असते."

त्यांनी फोटोखाली बालपणाच्या फुलबागेबद्दल काहीतरी लिहिलं. तिने ते वाचलं, मान हलवली आणि म्हणाली, "छान आहे. पण ही कुठल्याही पोरीला चालेल." ओळीवाल्यांना ती स्तुतीच वाटली. सगळ्यांना चालणारी ओळ हेच तर त्यांचं कसब होतं. इतकी वर्षं लोटली तेव्हा कुठे त्यांना कळलं, की ती तक्रार होती.

त्यांच्या कामाची आणखी एक ख्याती होती, ती म्हणजे चिकटवणं. इतर बाइंडर फोटोच्या चार कोपऱ्यांना गोंदाचे चार ठिपके देत. वर्ष-दोन वर्षांत फोटो कोपऱ्यातून उचलायला लागे, मग वाकडा होई, मग पडे. ओळीवाले सुतारांचा पांढरा गोंद पातळ करून ब्रशने फोटोच्या पूर्ण पाठीला लावत, पानावर ठेवून कापडाने दाबत आणि अख्खा दिवस वजनाखाली ठेवत. एकदा वाळला की तो पाण्यालाही दाद देत नसे. 'माणूस हलेल, माझा फोटो हलायचा नाही,' असं ते गिऱ्हाइकांना अभिमानाने सांगत. घरचे अल्बमही त्यांनी तसेच केले. अकरा अल्बम. बायकोचं पेन्सिलीतलं अक्षर असलेली प्रत्येक पाठ त्यांनी स्वतःच्या हाताने गोंदाने सारवली. मुद्दाम नव्हे हो. त्यात मुद्दाम असं काहीच नव्हतं. पाठीवर काय लिहिलंय ते वाचायला ते थांबत नसत, इतकंच.

तिने लिहिणं बंद केलं नाही. एकदा त्यांनी थट्टेने विचारलंही, की जे कोणी कधी बघणार नाही ते लिहून काय उपयोग. ती म्हणाली होती, की फोटोला माहीत असलं म्हणजे झालं. निदान ओळीवाल्यांना तरी ती असंच काहीसं म्हणाल्याचं आठवत होतं. नक्की शब्द कोणते, ते सांगता आलं नसतं.

ती मागच्या वर्षी गेली. तीन आठवडे दवाखान्यात होती आणि शेवटी शेवटी तिला बोलायला त्रास होत होता. ओळीवाले उशाशी बसून तिला धीराच्या ओळी वाचून दाखवत. बिचारी ऐकून घ्यायची.

लेक दुसऱ्या गावी नोकरीला. तिने वर्षभराने ठरवलं, की आईचा एक अल्बम करायचा, आपल्या लहान मुलीसाठी. मोठी झाल्यावर तिला कळायला हवं की आजी कशी होती. आणि अल्बममध्ये थोरामोठ्यांचं एक अक्षरही नको. आई जे बोलायची तेच, तिच्याच शब्दांत. लेकीने स्वतःला आठवलेलं लिहिलं. मावशीने पाच-सहा वाक्यं दिली. शाळेतल्या शिपायानेसुद्धा एक दिलं: 'घंटा दोन मिनिटं उशिरा दे, तो कोपऱ्यावरचा मुलगा अजून धावतोय.' सगळी पानं भरली. शेवटचं पान लेकीने बाबांसाठी रिकामं ठेवलं आणि फोनवर सांगितलं, की आई तुम्हाला म्हणालेलं एक वाक्य द्या. एकच पुरे.

ओळीवाल्यांना वाटलं, यात काय मोठंसं. त्यांनी कागद घेतला, पेनात शाई भरली आणि टेबलाशी बसले. सकाळची दुपार झाली. ती बोलायची ते आठवत होतं. भाजी निवडताना, कपड्यांच्या घड्या घालताना, दाराची कडी लावताना सतत काहीतरी बोलायची. आवाज आठवत होता, हातवारे आठवत होते, मधेच थांबून नाक खाजवायची तेही आठवत होतं. पण वाक्य म्हणून एकही हाताला लागेना. कारण ती बोलत असताना ओळीवाल्यांच्या डोक्यात दुसऱ्याच कोणाच्या तरी लग्नाची नाहीतर निवृत्तीची ओळ घोळत असे. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच. तीन हजार ओळी पाठ असलेल्या माणसाला घरचं एक वाक्य येईना.

चार दिवस असे गेले. लेकीचा दोनदा फोन येऊन गेला. मग ओळीवाल्यांनी जे केलं ते सांगायला मलाही जड जातं. त्यांनी कपाटाचा 'घर' हा खण उघडला, एक कार्ड काढलं, त्यावरची ओळ थोडी साधी केली आणि लेकीला पाठवून दिली. 'घर भिंतींचं नसतं हो, वाट बघणाऱ्याचं असतं.' मधला 'हो' त्यांनी स्वतः घातला होता, बायकोचं वाटावं म्हणून.

शनिवारी लेक स्वतःच आली. तिने पिशवी खुर्चीवर ठेवली, बाबांना पाणी विचारलं, स्वतः प्यायली आणि समोर बसली.

"बाबा, ही मामाच्या अल्बममध्ये आहे. तिसऱ्या पानावर. त्यात 'हो' नाही."

ओळीवाल्यांनी चष्मा कपाळावर सरकवला. एरवी तो सरकला की शब्द आपोआप येत. आज त्यांनी तो नुसताच परत नाकावर घेतला.

लेक चिडली नव्हती. चिडली असती तर बरं, भांडता तरी आलं असतं. ती म्हणाली, की मला आई माझ्याशी बोललेलं आठवतं, पण मी सतराव्या वर्षी वसतिगृहात गेले. त्यानंतर सव्वीस वर्षं तुम्ही दोघंच समोरासमोर बसून जेवत होतात. ते तुमच्याशिवाय कोणाला माहीत असणार? मग तिने विचारलं, "एकही नाही आठवत?"

 ओळीवाले म्हणाले, "मी ऐकत नव्हतो गं." आयुष्यात पहिल्यांदा त्यांनी इस्त्री न केलेलं वाक्य उच्चारलं आणि ते ऐकून त्यांचेच डोळे भरून आले. लेकीने उठून त्यांच्या खांद्यावर हात ठेवला, पण 'नाही, नाही' असं काही ती म्हणाली नाही. जे खरं होतं त्याला ती नाही कसं म्हणणार?

तेव्हाच त्यांना फोटोंच्या पाठी आठवल्या. त्यांनी घाईघाईने कपाटावरचे अल्बम खाली काढले. सगळं आहे, म्हणाले, तिने सगळं लिहून ठेवलंय, इथेच आहे. लेकीला आधी उमगेना. उमगलं तेव्हा तिने दातवाल्या फोटोच्या कडेखाली नख घालून पाहिलं. नख मोडलं. फोटो जागचा हलला नाही.

मग बापलेकींनी हत्यारं गोळा केली. पातळ सुरी, वाफेसाठी पातेलं, केस वाळवायचं यंत्र, स्पंज. वरातीमागून घोडं म्हणतात तसं हे काम, पण निघालं खरं. आधी फ्रॉकवाला. वाफ दिली, सुरी सारली, धीर धरून ओढला. वरचा पापुद्रा सोलून आला आणि फोटोची पाठ अक्षरासकट पानालाच चिकटून राहिली, पालथी. ओल्या बोटाने तो कागद घासून पातळ केला की क्षणभर खालची पेन्सिल उलटी दिसायची आणि पुढच्या घासण्यात पुसून जायची. त्या फोटोतून 'शोधत बस' एवढंच हाती आलं. दुसऱ्यातून नुसती तारीख. तिसऱ्यातून काहीच नाही, आणि वर मावशीचं तोंड गेलं.

 ओळीवाल्यांचे हात गोंदाच्या बाबतीत कधी चुकले नव्हते, आणि आज ते आपल्याच कामाशी झुंजत होते आणि हरत होते. चार ठिपक्यांवर भागवणारे ते आळशी बाइंडर, ज्यांना ते जन्मभर हसले, त्यांच्यापैकी एखाद्याने हे अल्बम केले असते तर लेकीने आत्ता सगळे फोटो नुसते उलटून वाचले असते. हे ते मोठ्याने म्हणाले. लेक म्हणाली, "बाबा, पुरे. ते पान राहू दे रिकामं."

"एक," ओळीवाले म्हणाले. "एकच करू."

त्यांनी चौथा अल्बम उघडला. त्यात त्यांच्या बायकोचा एकटीचा एक फोटो होता. पहिल्या भाड्याच्या घराची गॅलरी, कठड्यावर एक हात, ओठ मिटलेले, नजर सरळ कॅमेऱ्याकडे. ओळीवाल्यांनी आयुष्यात मोजकेच फोटो स्वतः काढले, त्यातला हा. मालकांचा कॅमेरा एका रविवारपुरता मागून आणला होता. याच्या पाठीवर काही असेल तर ते आमच्या दोघांमधलंच असणार, असं त्यांचं म्हणणं. खाली त्यांनी त्या काळी लिहिलं होतं, 'मौनाइतकं सुंदर बोलणं नाही.' ती ओळ मैत्रीच्या खणातली होती आणि पुढे निदान वीस घरी गेली.

लेकीने आधी मोबाइलवर त्या पानाचा नीट फोटो घेतला. तेवढं बरं केलं, कारण पुढे वरच्या पापुद्र्याच्या चार पट्ट्या झाल्या. पण या खेपेला ओळीवाल्यांनी घाई केली नाही. एकेक बोट जागा ओली केली, घासली, टिपली. उलटं अक्षर दिसलं की लेक त्यावर एक छोटा आरसा धरायची आणि मोठ्याने वाचून कागदावर लिहायची, मगच ओळीवाले पुढे सरकायचे. दीड तास लागला. एकही शब्द वाया गेला नाही. काम उत्तम झालं, असं म्हणायला हवं.

मग त्यांनी लेकीच्या हातून कागद घेतला आणि सगळं सलग वाचलं.

'नव्या घराची गॅलरी. फोटो ह्यांनी काढला. मी ह्यांना काहीतरी सांगत होते. म्हणाले, बोलू नकोस, हलशील.'

खाली तारीख होती. आणखी काही नव्हतं.

ओळीवाल्यांनी कागद पुन्हा वाचला, उलटा करून पाहिला, जणू या कागदाच्या पाठीवर उरलेलं असेल. लेक त्यांच्या तोंडाकडे बघत होती.

"काय सांगत होती आई?" तिने विचारलं.

त्यांनी खरंच आठवून पाहिलं. कॅमेऱ्याचं वजन आठवलं, ऊन डाव्या बाजूने येत होतं ते आठवलं, तिची सावली भिंतीवर नको म्हणून तिला एक पाऊल पुढे यायला सांगितलं होतं तेही आठवलं.

"माहीत नाही," ओळीवाले म्हणाले. "नंतर मी विचारलंच नाही. फोटो चांगला आला होता."